जातीने जबाबदार

फौजदारांनी मैदानाच्या तोंडाशी लावलेला लोखंडी कठडा पुन्हा एकदा हलवून पाहिला. पक्का होता. मघाशीही पक्काच होता.

"साहेब, लोकांपेक्षा आपणच जास्त आहोत," हवालदार म्हणाला. "सभा आपलीच म्हणायची!"

फौजदार हसले नाहीत. रंगाच्या कारखान्यातल्या वाफांनी माणसं छातीची दुखणी घेऊन मरतात, हे सांगायला बोलावलेल्या या सभेला त्यांनी दोनदा परवानगी नाकारली होती. 'आजारपणाची एकही तक्रार नाही, सभेने शांतता मात्र बिघडेल,' असं कोर्टात लिहूनही दिलं होतं. न्यायाधीशांनी ते वाचलं, बाजूला सारलं आणि हुकूम दिला, सभा होईल, पोलीस संरक्षण देतील, कुणाच्या केसाला धक्का लागला तर फौजदार जातीने जबाबदार. तेव्हापासून त्यांना घास गोड लागत नव्हता.

रस्त्यापलीकडे कारखान्याचा मुकादम आपली माणसं घेऊन मोटारसायकलींवर रेलून बसला होता. त्यांच्या डोळ्यांदेखत मैदानात शिरायची कुणाची छाती होत नव्हती. लोक कोपऱ्यापर्यंत येत, मुकादमाकडे बघत, मग खाकीकडे बघत, आणि घरी काहीतरी विसरल्यासारखं करून मागे फिरत.

"त्यांना हटवा ना," कोर्टात सभेसाठी भांडलेली वकीलबाई म्हणाली.

"रस्त्यावर बसणं गुन्हा नाही, बाई."

"कुणी येत नाही, तर तुम्हाला हायसं वाटतंय ना?"

फौजदारांनी पट्टा सारखा केला. वाटत होतं. रिकामं मैदान, विनाघोर बंदोबस्त.

तेवढ्यात कोपऱ्यावरून एक म्हातारी आली. ती मागे फिरली नाही. चालण्यावरूनच फौजदारांनी ओळखलं आणि ते जवळजवळ धावतच पुढे गेले.

"आई, तू कशाला आलीस? जा घरी. दगडबिगड पडले म्हणजे?"

"पडतील कसे? तू आहेस की."

"आई, ऐक माझं."

"येईल त्याला सांभाळायचं, असं सांगितलंय ना कोर्टानं? मग सांभाळ."

ती पहिल्या रांगेत जाऊन बसली. फौजदाराची आईच बसलीय म्हटल्यावर कोपऱ्यावरच्या बायका आत आल्या. त्यांच्यामागून, इकडेतिकडे बघत, पुरुष. खुर्च्या भरत गेल्या तसा फौजदारांचा जीव खालीवर होऊ लागला. ते कठड्यापासून मंचापर्यंत आणि मंचापासून कठड्यापर्यंत फेऱ्या घालत राहिले.

कोण बोलणार, असं वकीलबाईने विचारलं. कुणी हललं नाही. मग आई उठली. चार माणसांत कधी तोंड न उघडलेली ती बाई माइकसमोर उभी राहिली, आणि तिच्या पहिल्या शब्दाबरोबर रस्त्यावरून हॉर्न सुरू झाले. सगळ्या मोटारसायकलींचे, एकदम.

हवालदाराने साहेबांकडे पाहिलं. साहेब रस्ता ओलांडत होते. मुकादमाच्या गाडीची किल्ली त्यांनी उपसून काढली.

"हॉर्न वाजवणं गुन्हा झाला का, साहेब?" मुकादम दात काढत म्हणाला.

"मला ऐकू येत नाहीये," फौजदार म्हणाले.

त्यांचा चेहरा पाहून बाकीचे हॉर्नही एकेक करून थांबले. पाठीमागे माइक खरखरला.

"माझे मालक तिथं रंग ढवळायचे. घरात कधी खोकले नाहीत. उबळ आली की रात्री उठायचे, न्हाणीत जायचे, दार लावून नळ सोडायचे. पाण्याच्या आवाजात खोकून घ्यायचे. पोरगा पहाटे अभ्यासाला उठायचा ना. त्याची झोपमोड व्हायला नको."

रात्रीचं पाणी का सांडता, म्हणून त्या पोराने बापाशी कितीदा भांडण काढलं होतं. ते आईने सांगितलं नाही. ती पुढच्या गोष्टीकडे वळली.

फौजदार वळून बघू शकत नव्हते. त्यांना तोंड रस्त्याकडेच ठेवायचं होतं.

किल्लीसाठी पुढे केलेला हात मुकादमाने हळूच मागे घेतला.

"साहेब," तो आवाज उतरवून म्हणाला, "काय झालं?"