पेसहाची वेलची

माणूस खोटा असला की आपल्याला वास येतो, असं त्रेस्याम्मा टीचर स्वतःच सांगायच्या. त्या निवृत्त झाल्या, पण नाक काही निवृत्त झालं नाही. त्या नाकाच्या जोरावर त्या डोंगरावरच्या शाळेच्या प्रवेश समितीवर जाऊन बसल्या होत्या. शाळा सुरियानी कॅथलिकांची, म्हणजे तिथल्या जुन्या ख्रिस्ती लोकांची. अल्पसंख्याकांची शाळा म्हणून कुणाला घ्यायचं ते आपलं आपण ठरवायचा हक्क तिला होता. आधी आपली मुलं, मग उरलेल्या जागा इतरांना. त्यामुळे प्रवेशाचे दिवस आले की गावात भाविकांचं पीक यायचं. नाताळलाही चर्चची पायरी न चढणारे बाप पहिल्या बाकापाशी गुडघे टेकायचे.

यंदा पहिलीत एकच जागा उरली होती आणि ती मागत होता टीचरच्या समोरच्या घरातला सिबी, आपल्या लेकीसाठी, जुवानासाठी. गेल्या पावसाळ्यात तो भिलाईहून इथे राहायला आला होता. बायकोचं नाव शालिनी, आणि तिच्या मल्याळमला हिंदीचा वास. त्याचं घराणं गावात कुणाला धड ठाऊक नव्हतं. टीचरना आणखी काय हवं होतं?

शाळेचे मॅनेजर होते कुरियन अच्चन, म्हणजे पाद्रीच. ते म्हणाले, "टीचर, वकिलांनी बजावलंय. आपल्या नावाखाली खोटी माणसं शिरली, तर उद्या कुणीतरी कोर्टात जाऊन म्हणेल, ही कसली अल्पसंख्याकांची शाळा. तुम्ही शेजारी आहात. जरा लक्ष ठेवा. हो म्हणालात तर जागा त्यांची, नाहीतर दुसरं घर तयार आहे."

लक्ष ठेवायला टीचरना सांगावं लागत नव्हतं. त्या वाट पाहत होत्या ती पेसहाच्या गुरुवारची. चर्चमध्ये काय, कुणीही हात जोडील. पण ईस्टरच्या आधीच्या या गुरुवारी घराघरात बिनखमिराचा अप्पम वाफवतात, त्यावर झावळीचा क्रूस ठेवतात, नारळाचं दूध गुळात वेलची घालून आटवतात आणि दिवेलागणीला घरातला वडीलधारा तो अप्पम मोडून सगळ्यांना देतो. हे सोंग आणून जमत नाही. त्याला आजी लागते.

गुरुवारी दुपारपासून टीचरचा एक डोळा चुलीवर आणि दुसरा समोरच्या घरावर होता. तिथे ना नारळ खवल्याचा आवाज, ना वाफ. संध्याकाळी त्यांच्याच्याने राहवेना. डब्यात वेलची भरलेली असतानाही त्या वेलची मागायला समोर गेल्या.

दार जुवानानं उघडलं. पोरीनं आधी टीचरच्या हातांकडे पाहिलं, मग तोंडाकडे. आत टेबलावर पांढरं कापड, एक मेणबत्ती आणि मधोमध पुसून ठेवलेली रिकामी ताटली. शेगडी थंडगार.

"थोडी वेलची मिळेल का गं, शालिनी? माझी नेमकी आजच संपली."

"देते की, टीचर." शालिनीनं मूठभर वेलची दिली, आणि उगाचच हसली.

"तुमचा अप्पम झाला वाटतं?"

"आम्ही नाही करत यंदा," शालिनी खालच्या आवाजात म्हणाली.

यंदा! टीचरना हसू आवरेना. वर टेबल मांडायचं नाटक, कुणी डोकावलं तर दिसावं म्हणून. घरी येताच त्यांनी फोन उचलला. "अच्चन, माझा नकार. त्यांच्या घरात पेसहाच नाही." पलीकडून अच्चन म्हणाले, बरं झालं वेळेत कळलं.

दिवे लागले. पापच्चन, म्हणजे टीचरचे यजमान, प्रार्थना म्हणून अप्पम मोडायला बसले. टीचरच्या पोटात गोष्ट राहीना. ताटली, मेणबत्ती, थंड शेगडी, सगळं त्यांनी रंगवून सांगितलं.

पापच्चनचा हात थांबला. "अगं, त्याचा बाप गेलाय ना."

"कधी? चर्चची घंटा कुठे वाजली?"

"भिलाईतच वारला, तिथेच पुरला. म्हणून तर पोरगा सगळं आवरून इकडे आला. वर्ष नाही झालं अजून. कुंपण घालताना मला म्हणाला होता."

ज्या घरात वर्षाच्या आत माणूस गेलं, त्या घरात अप्पम करत नाहीत. तो शेजाऱ्यांनी करून न्यायचा असतो. हे टीचरनी स्वतः शाळेत कितीक पोरांना शिकवलं होतं.

"शेजारी आपणच आहोत, त्रेस्या," पापच्चन म्हणाले. "दुसरं कोण नेणार?"

टीचरनी आधी फोन केला. अच्चननी सगळं ऐकून घेतलं. "अहो, मी त्या दुसऱ्या घराला शब्द देऊन बसलो. आता मागे कसा घेऊ? आणि तुम्ही मनाला लावून घेऊ नका. कुणाला घ्यायचं हा आपला हक्क आहे. आपल्याला कुणी कारण विचारणार नाही."

टीचरनी अख्खा अप्पम केळीच्या पानात बांधला, दुधाचं भांडं घेतलं आणि रस्ता ओलांडला. स्वतःची इतकी लाज त्यांना आयुष्यात वाटली नव्हती.

दार पुन्हा जुवानानं उघडलं. तिनं पुन्हा आधी हातांकडेच पाहिलं आणि आत पळाली. सिबी उठून उभा राहिला. शालिनीनं ती ताटली पुढे केली, अप्पम तिच्यात नीट बसला.

"बघ, मी म्हटलं नव्हतं?" ती लेकीला म्हणाली. "टीचर आपल्यासाठीच करत होत्या. म्हणून तर वेलची न्यायला आल्या होत्या."