धाकट्या जावेची शाई

आमच्या शाईकर मंडळाचा एक जुना नियम आहे. कोणी नवी शाई केली, की तिची खोट काढायचं काम त्या माणसावर सगळ्यात जास्त जळणाऱ्याला द्यायचं. मित्र डोळेझाक करतो, परका कंटाळतो. जळणारा मात्र तहानभूक विसरून खोट शोधतो. मोठा शहाणा नियम, असं मीच कितीदा म्हटलं असेल. यंदा माझ्या धाकट्या जावेच्या शाईसाठी मंडळाच्या मास्तरांनी भर बैठकीत माझं नाव घेतलं आणि हिचंच का, असं एकानेही विचारलं नाही.

"मी जळते का हो तिच्यावर?" घरी येऊन मी नवऱ्याला विचारलं.

तो चष्मा पुसत राहिला. "तू बारकाईने बघतेस," तो म्हणाला. बावीस वर्षांच्या संसारात माणूस एवढं तरी शिकतोच.

जळत होतेच, खोटं कशाला बोलू. मंडळाच्या दालनात एक फळी आहे, तिच्यावर बारा बरण्यांची जागा. वचन मोडलं की पुसली जाणारी शाई, ज्याला लिहिलं त्यालाच दिसणारी शाई, आगीत न जळणारी शाई, आणि प्रत्येक बरणीवर करणाऱ्याचं नाव. गेल्या वर्षी बारावी जागा रिकामी झाली, आणि ती आपलीच असं मी धरून चालले होते. माझी शाई वाचणाऱ्याला पेंग येऊ देत नसे. फक्त तिसऱ्या दिवशी तिची सगळी अक्षरं समासाकडे सरकत आणि तिथे दाटीवाटीने उभी राहत. ही खोट काढली एका भल्या म्हाताऱ्या पुस्तक-बांधणीवाल्याने, तीही माझी माफी मागत. माझ्यावर जळणारं मंडळाला कोणी सापडलंच नव्हतं.

आणि ही नऊ वर्षांपूर्वी लग्न होऊन घरात आली. हिला खल धरायला मी शिकवलं. हिची एकच खोड होती, घोटताना सारखी बडबडायची. काजळी घोटताना तोंड मिटलेलं असावं, ही शाईकराची पहिली शिस्त. "अगं, थुंकी उडते शाईत," म्हणून मी हिला रोज दटावायचे. ही गप्प बसायची आणि माझी पाठ वळली की पुन्हा सुरू. त्या बडबडीतूनच हिची शाई झाली. तिने लिहिलेलं कोणीही वाचलं, की लिहिणाऱ्याचा आवाज कानात ऐकू येतो. बाईने शिस्त मोडली आणि बक्षीस मिळवलं. माझ्या अंगाचा तिळपापड होणार नाही तर काय?

मला सात दिवस होते. खोट सापडली तर तिची बरणी परत जाणार होती आणि फळीवरची जागा मला पुन्हा मागता येणार होती. तिच्या शाईत आपली लेखणी बुडवायची नाही, असं मी ठरवलं आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांकडून कागद लिहून घेतले. ते पाण्यात बुडवले, उन्हात वाळवले, चुरगाळले, उशीखाली ठेवून त्यांच्यावर झोपले. सातव्या दिवशीही बहिऱ्या शिंप्याच्या चिठ्ठीतून त्याचा घोगरा आवाज जसाच्या तसा येत होता. रडूच यायचं बाकी होतं.

उरला फक्त दाखला. तो मात्र तपासणाऱ्यानेच, त्याच शाईत लिहावा लागतो. मी लेखणी बुडवली आणि लिहून टाकलं, "ओलाव्यात आवाज फाटतो." मग सवयीने एकदा वाचून पाहिलं.

कागदातून एक बाई बोलली. बारीक, टोचरा आवाज, ओठ हसताहेत आणि दात आवळलेले. ती बाई मी होते. धाकटीशी आपण फार गोड बोलतो, अशी माझी इतकी वर्षं समजूत होती.

कागद फाडला. दुसरा घेतला. "आमच्या धाकटीने घराण्याचं नाव काढलं." हा तर त्याहून वाईट, पाकात बुडवलेला खिळा. तिसरा फाडला, चौथा फाडला. कोळसा उगाळावा तितका काळाच. शेवटी तीनच शब्द लिहिले, "खोट सापडली नाही." त्यातही आवाज असा होता, की जणू कोणी माझी दाढ उपटून घेतंय. पण दिवस संपत आला होता. तोच कागद नेऊन दिला.

मास्तरांनी तो वाचला आणि पुढे सरकवला. कागद हातोहात फिरला. एकेक जण वाचे आणि माझ्याकडे बघायचं टाळी.

"खोट निघावी म्हणून हिचा जीव किती तुटत होता, ते ऐकलंत सगळ्यांनी," मास्तर म्हणाले. "तरी निघाली नाही, म्हणजे नाहीच. इतका भरवशाचा दाखला या मंडळात आजवर आलेला नाही."

त्यांनी तो धाकटीच्या बरणीवर चिकटवला. आता फळीशी जो कोणी शाई मागायला येईल, तो आधी माझा जळफळाट ऐकणार.

दुपारी आम्ही दोघी हौदाशी बरण्या धुवायला बसलो. मी धुवायचे, ती पुसायची.

"दाखला वाचलास?" शेवटी मीच विचारलं.

"वाचला की."

"त्यात आवाज जरा..."

"मला त्यात काय नवीन, जाऊबाई?" ती म्हणाली. रागाने नाही, अगदी सहज. "नऊ वर्षं हाच तर ऐकतेय." आणि पुढच्या बरणीसाठी तिने हात पुढे केला.

मी बरणी दिली. काहीतरी बोलायला हवं होतं, तोंडही उघडलं होतं. पण कुठल्या आवाजात बोलावं तेच मला कळेना.