पहिली चाळीस पानं

सकाळी प्रकाशकाचा फोन आला आणि सरांचा चहा कपातच गार झाला.

"सर, नव्या आवृत्तीत ते लिमिटचं पहिलं प्रकरण गाळू या. चाळीस पानं वाचतील. मुलं तसंही वाचत नाहीत."

"कशावरून?"

"लायब्ररीत जा आणि तुमचं पुस्तक मिटून बघा. पाचपर्यंत कळवा, छपाईला द्यायचंय."

पुस्तक उघडून बघतात एवढंच सरांना ठाऊक होतं. कॅल्क्युलसचं हे पाठ्यपुस्तक त्यांनी एकवीस वर्षांपूर्वी लिहिलं. पहिल्या प्रकरणाला दोन वर्षं लागली. उरलेलं पुस्तक एका उन्हाळ्यात हातावेगळं झालं. बायको त्या चाळीस पानांना सवत म्हणायची, आणि सर ते कधी नाकारत नसत.

तीनला ते लायब्ररीत पोचले. कपाटात नऊ प्रती होत्या. पहिली मिटून आडवी धरली. सोडवलेल्या उदाहरणांच्या जागी कडेवर बोटांचे काळे पट्टे उमटले होते. शेवटची उत्तरांची पानं तर डांबरासारखी. सुरुवातीची चाळीस मात्र धुतल्या तांदळासारखी. दुसरी प्रत तशीच. तिसरीतली दोन पानं छापखान्यातून चिकटून आली होती ती अजून चिकटलेलीच होती, आणि त्यावाचून कुणाचं काही अडलं नव्हतं.

शेजारी एक मुलगी उत्तरावर तळहात ठेवून उदाहरण सोडवत होती. दर दोन ओळींनी बोटं जरा फाकायची.

"पहिलं प्रकरण वाचलंस का गं?" सरांनी विचारलं.

"ते परीक्षेला नाही, काका."

"तरी पण?"

"लेखकानं हौसेनं लिहिलंय ते," ती समजुतीच्या सुरात म्हणाली. "लिहू द्यावं हो."

सर उठले, बसले, पुन्हा उठले. ग्रंथपालबाई घड्याळाकडे आणि सरांकडे आळीपाळीनं पाहू लागल्या. सातवी प्रत, आठवी. पाचाला दहा कमी असताना वरच्या फळीवरची नववी हातात आली. तिची सुरुवातीची कड मळकट होती.

पान सतरा. समासात शिसपेन्सिलीनं बारीक अक्षर: "सर, x दोनच्या जवळच राहील हे धरून चाललात, पण सांगितलंत कुठं? एप्सिलॉन शंभर घेऊन पाहिलं. फसतं."

एप्सिलॉन म्हणजे चालवून घ्यायची इवलीशी चूक. ती शंभर कोण घेतं? सरांनी चिडून पाठकोऱ्या कागदावर मांडून पाहिलं. फसलं. पुन्हा मांडलं. पुन्हा फसलं. सात आवृत्त्या फसतच होतं.

खिशातला फोन थरथरला. सर कपाटाआड गेले.

"पाच वाजले, सर."

"गाळू नका. एकानं वाचलंय."

"एकानं?"

"चूक काढलीय. खरी आहे."

आपल्याच हातांनी प्रकरण घालवलं, असं सरांना वाटून गेलं.

"चूक आहे म्हणता," प्रकाशकाचा आवाज एकदम मऊ झाला. "म्हणजे मुखपृष्ठावर 'सुधारित' छापता येईल. जुन्या प्रती बाद. राहू दे प्रकरण, सर. आणखी चुका असल्या तर बघा ना."

सरांनी पेन्सिल काढली आणि त्या अक्षराखाली लिहिलं: "बरोबर. माझं चुकलं."

"पुस्तकात लिहायला मनाई आहे," मागून ग्रंथपालबाई म्हणाल्या. "आणि बंद करायची वेळ झाली."

सरांना ऐकू आलं नाही. त्यांनी पान उलटलं होतं. अठरावरही तेच बारीक अक्षर होतं.