आखाजीची रजा

हिलाल बोरसे शिक्षक होता की नव्हता, हे ठरवायला सुरतेच्या त्या विद्यापीठाला तो अठ्ठावन्न वर्षांचा होईपर्यंत सवड मिळाली नव्हती. वस्त्र विभागात त्याची नेमणूक झाली ती ‘निदर्शक’ म्हणून. म्हणजे पोरांना माग चालवून दाखवायचा, त्यांच्याकडून चालवून घ्यायचा आणि धागा का तुटला ते समजावून सांगायचं. पोरं त्याला सर म्हणत. मध्येच कधीतरी एका परिपत्रकाने निदर्शकाचा ‘तंत्र सहायक’ केला. काम तेच राहिलं, माग तोच राहिला, फक्त माणूस शिक्षकांतून उचलून कर्मचाऱ्यांत ठेवला गेला. शिक्षक बासष्टला निवृत्त होतात, कर्मचारी अठ्ठावन्नला. हे हिलालला निवृत्तीची नोटीस हातात पडल्यावर कळलं.

त्याला ती चार वर्षं हवी होती. एक तर मागाच्या खडखडाटाशिवाय त्याला काही सुचत नसे. दुसरं म्हणजे डिंडोलीच्या घरी बायकोने, भागीरथीने, त्याच्यासाठी जागा भरायची ठेवली होती. ती ज्वारीच्या बिबड्या, म्हणजे खानदेशी पापड, करून विकायची आणि गच्चीवर वाळत घातलेल्या बिबड्यांवरचे कावळे हाकायला तिला एक भरवशाचा माणूस पाहिजे होता. तिथे निवृत्तीचं वय नव्हतं.

नवागामच्या प्रफुल्ल वाघ वकिलाने न्यायाधिकरणातून स्थगिती आणली आणि हिलाल कामावर जात राहिला. सुनावणीच्या दिवशी प्रफुल्लने त्याला एकच गोष्ट तीनतीनदा बजावली, की काका, विचारलं तर बोला, नाहीतर गप्प बसा.

विद्यापीठाच्या वकिलांनी मुद्दा नेमका काढला. शिक्षकांना उन्हाळ्याची सुटी असते, तिला अर्ज लागत नाही. कर्मचारी उन्हाळ्यातही कामावर असतो, आणि कुठे जायचं तर रजेचा अर्ज देतो. बोरसे शिक्षक असतील तर त्यांनी ही सुटी कधी भोगली ते दाखवावं. प्रफुल्लने घसा साफ केला आणि हातातले कागद उलटसुलट केले. दाखवण्यासारखं त्यांत काहीच नव्हतं.

कोणी विचारलं नसताना हिलाल उभा राहिला. “दरवर्षी जातो ना साहेब. आखाजीला.”

अध्यक्षबाई गुजराती. त्यांना आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया, त्यांची अखात्रीज, हे सांगावं लागलं. मग हिलालने तब्येतीत सांगितलं, की लेकी माहेरी येतात, झोके बांधतात, आमरस होतो, त्यामुळे पंधरा दिवस अमळनेरजवळ गावी राहावंच लागतं.

“रजेचा अर्ज कधी दिलात?” वकिलांनी फार प्रेमाने विचारलं.

“अर्ज कसला साहेब? आखाजीला कोण रजा मागतं?”

प्रफुल्लने डोळे मिटून घेतले. वकील म्हणाले, अर्जदाराने दरवर्षीची गैरहजेरी स्वतःच्या तोंडाने कबूल केली आहे, आता आणखी काय पाहिजे. अध्यक्षबाईंनी ते लिहून घेतलं. मग त्यांनी विभागप्रमुख डॉ. जरीवालांना उभं केलं आणि विचारलं, या गैरहजेरीबद्दल तुम्ही बोरसेंना कधी नोटीस दिली का?

नव्हती दिली. जरीवाला स्वतःच दर उन्हाळ्यात सुटीवर असत, त्यामुळे हिलाल नाही हे बघायला मागे कोणीच नसे. हे न्यायाधिकरणात कसं सांगावं, याचा त्यांनी बराच विचार केला. हिलाल कर्मचारी म्हणावा, तर इतकी वर्षं एक माणूस गायब होता आणि विभागप्रमुखांना पत्ता नव्हता. त्यांनी हिलालकडे पाहिलं, मग पंख्याकडे.

“बोरसे सुटीवर असायचे,” ते म्हणाले. “शिक्षक असतात तसेच.”

विद्यापीठाचे वकील खाली बसले.

निकाल बासष्टचा लागला. घरी भागीरथीने सगळं ऐकून घेतलं. “आखाजीले कोन रजा मांगस, हाई सांगाले वकील कसाले लागस?” एवढं बोलून तिने कावळ्यांसाठी गच्चीवर जुनी लाल साडी बांधली.

पुढच्या आखाजीला हिलाल पहिल्यांदाच कायदेशीर गावी गेला. आमरसाच्या चवीत त्याला काही फरक जाणवला नाही. दुसरी वाटी चालू असताना फोन वाजला. निकालानंतर विद्यापीठाने परिपत्रक काढलं होतं, की सुटीत विभागाकडे विभागप्रमुखांनी जातीने लक्ष द्यावं. जरीवाला जातीने लक्ष द्यायला आले होते आणि बंद दारासमोर उभे होते.

“बोरसेसर, मागाच्या खोलीची चावी कुठे असते?”

हिलालने सदऱ्याचा खिसा चाचपला. चावी दर आखाजीला जिथे असायची तिथेच होती.

“माझ्याकडे आहे सर. दरवर्षी माझ्याकडेच असते.”

मग जरीवाला म्हणाले, आलात की बघू, सावकाश या.

कोणाचा फोन, आमरस वाढता वाढता भागीरथीने विचारलं. कामावरचा, हिलाल म्हणाला, मी कुठे आहे ते विचारत होते. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. त्याला ते बरं वाटलं. चावी खिशात नीट आत सारून त्याने वाटी पुढे केली.