दारापासून दोन पावलं

वीब्रेनला हल्ली काल जेवायला काय होतं ते आठवत नसे, पण घरातून निघणारा मैल्याचा पाइप कुठून जातो, हे मात्र तो ठासून सांगत होता. "दारापासून दोन पावलं. गुडघाभर खोल. साफसफाईचं झाकणही तिथंच आहे. मी स्वतः बसवलंय."

तीन दिवस संडास तुंबला होता. मुलगा हेसल फावडं घेऊन आला, आणि सोबत गावच्या कचेरीतला नकाशाही. नकाशात पाइप होता पार कुंपणाकडे.

"नकाशा जुना आहे," निन्के म्हणाली. बायकोच ती, नवऱ्याची बाजू घेणारच. पण खरी भीती वेगळीच होती. गेल्या महिन्यात वीब्रेन बेकरीतून येताना रस्ता चुकला, तेव्हापासून त्याला विसराळू म्हाताऱ्यांना सांभाळणाऱ्या घरात ठेवायचं हेसलने मनावर घेतलं होतं. आज पाइप सापडला नाही की हेसलला आयतंच कारण मिळणार.

हेसलने दाराशी गुडघाभर खणलं. मग मांडीपर्यंत. नुसती वाळू.

"बाबा, इथे काही नाहीये."

"आहे," वीब्रेन म्हणाला, पण आवाज पार पडला होता.

"आई, आता तरी ऐक माझं."

निन्के वाळूकडे बघत राहिली. इथली जमीन मेली सदा खचणारी. घर जमिनीत खोल रोवलेल्या खांबांवर, म्हणून ते जागच्या जागी; अंगण मात्र दरवर्षी बोटभर खाली. ते पुन्हा उंबऱ्याशी आणायला दर चार-पाच वर्षांनी वाळूचा ट्रक मागवायची कोण? तीच.

"अरे शहाण्या, चाळीस वर्षं मी इथे वाळू ओततेय. ती गेली कुठे, माझ्या कॉफीत? जमीन खाली गेली तर पाइप काय वर लटकून राहील? खण अजून."

हेसल हलेना. मग पंच्याहत्तरीची ती बाई गमबूट चढवून खड्ड्यात उतरू लागली, तेव्हा कुठे त्याने फावडं उचललं. कमरेइतकं खोल गेल्यावर पाणी झिरपायला लागलं आणि फावडं टक्कन वाजलं. पाइप. त्यावर झाकण.

चिखलात गुडघे टेकून हेसलने झाकण उघडलं, आत सळई घातली आणि तुंबलेलं सगळं भळभळा वाहून गेलं.

वीब्रेन काठावरून वाकून बघत होता. "सांधा बघ कसा घट्ट बसवलाय. कुठे सुटला नाही." मग त्याने निन्केला हळूच विचारलं, "कोणी केलंय गं हे काम?"

निन्केने त्याचा हात धरला. "होता एक. फार आवडला मला, म्हणून लग्न केलं त्याच्याशी."

"बरं केलंस," वीब्रेन म्हणाला.

खड्ड्यात हेसलने सळई बाजूला ठेवली. तो म्हणाला, "आई, खड्डा मी उद्या बुजवतो. परवाही येईन. रोजच येत जाईन."