ठरलेलं उत्तर

नर्सिंगच्या प्रात्यक्षिक परीक्षेत निवृत्त टायपिस्टबाई पेशंटचं सोंग घ्यायच्या. उत्तरं कागदावर ठरलेली असत आणि सगळ्या मुलींना तीच द्यायची असत. चुकलं तर पुढच्या वर्षी बोलावणं नाही. वर्षभर त्या या दिवसाची वाट बघायच्या.

"घरी कोण असतं, आजी?" अकरा जणींना त्यांनी घडाघडा सांगितलं, "मुलगा, सून, दोन नातवंडं."

बारावी मात्र विचारून पेन खाली ठेवून थांबली.

"कोणी नाही गं," बाई बोलून गेल्या.

परीक्षक बाईंनी मान वर केली. "आजी, कागदावर काय आहे?"

"मुलगा, सून, दोन नातवंडं. चुकलंच माझं. पुढच्या वर्षी बोलवाल ना?"

"बोलवू, पण घर भरलेलं ठेवा हं."

तेरावी आत येईपर्यंत मुलगा, सून आणि नातवंडं घरी परतली होती.