कागदाची मागची बाजू

मित्रांनो, मी एक जुना आकडेकोश आहे. माझा पुठ्ठा एके काळी निळा होता म्हणतात. आता तो कोणत्या रंगाचा आहे, हे मलाही सांगता येणार नाही. गोष्टीच्या पुस्तकासारखं मला कुणी उशाशी घेऊन वाचलं नाही. माझ्यात राजा नाही, राक्षस नाही. आजार आहेत, उपचार आहेत आणि प्रत्येकापुढे एक आकडा आहे. दवाखान्यात डॉक्टर कागदावर जे लिहितात, त्याला नोंदींच्या खोलीतली बाई माझी पानं उलटून आकडा देते. पुढे कागद पिवळा पडतो, डॉक्टर बदलतात, पण आकडा राहतो आणि सगळे त्याच्यावर डोळे मिटून विश्वास ठेवतात.

छापखान्यातून आलो तेव्हा माझ्या पानांना अशी धार होती, की पहिल्याच दिवशी बाईंचं बोट कापलं. "आल्या आल्या चावलास होय रे?" असं म्हणून त्यांनी बोट तोंडात घातलं आणि दुसऱ्या हाताने काम चालू ठेवलं. सगळा दवाखाना त्यांना आकडेबाई म्हणायचा.

माझं सगळ्यांत मळलेलं पान तांबीचं. लहानांसाठी सांगतो. आणखी मूल नको असेल, किंवा इतक्यात नको असेल, तर बायका दवाखान्यात येऊन गर्भाशयात एक छोटीशी वस्तू बसवून घेतात. तीच तांबी. ती जन्मभर पुरत नाही. मुदत संपली की बदलावी लागते. म्हणून त्या पानावर तीन आकडे आहेत: बसवली, काढली, आणि जुनी काढून त्याच भेटीत नवी बसवली.

यात चुकण्यासारखं काय आहे, असं वाटेल. पण आमच्याकडे सिस्टर कागदाच्या पुढच्या बाजूला 'जुनी काढली' लिहायच्या आणि नव्या पाकिटावरची चिठ्ठी मागच्या बाजूला चिकटवायच्या, कारण पुढे जागाच उरायची नाही. मग सगळे कागद एका उभ्या खिळ्यात टोचले जायचे. एकदा आकडेबाईंनी पुढचंच वाचून आकडा दिला, सगळ्यांसमोर बोलणी खाल्ली, आणि त्या दिवशी माझ्या समासात शिसपेन्सिलीने लिहिलं, 'मागची बाजू बघ. जीव कंटाळला असला तरी बघ.' त्या पानाशी त्यांनी लाल दोरा घातला. पुढे कित्येक वर्षं तो दोरा हाताला लागला, की त्या कागद उलटायच्या. त्या काळी माझी मिजास काही औरच होती.

मग संगणक आला. आकडे त्याच्या पोटात गेले, पण समासातली अक्षरं कुणी त्याला दिली नाहीत. त्याचा पडदा जरा बुटका होता, वाकून बाईंची मान दुखायची. झालं! मला त्याच्याखाली सरकवलं. अकरा वर्षं मी ते ओझं पाठीवर घेऊन पडून होतो. कुणी चहाचा कप टेकवला, कुणी पुठ्ठ्यावर फोन नंबर लिहिला. बाईही थकत गेल्या. चष्मा जाड झाला, गुडघे बोलू लागले, कागदांचा ढीग तेवढा कमी होईना.

अशातच एक दिवस सिस्टर दारातून डोकावल्या. "आकडेबाई, ती शिवणकामवाली आलीय. म्हणते, दहा वर्षांची तांबी आहे, बदलायचीय. तुमच्या संगणकात तर काढल्याचं दिसतंय."

"दिसतंय ना? मग काढलीच असेल."

"तपासलं तर तांबीला असतो तो दोराही दिसत नाही. सोनोग्राफीचं मशीन बंद पडलंय. डॉक्टर म्हणतात, नसेलच, नवी बसवून टाकू."

सिस्टरच्या मागून ती शिवणकामवाली स्वतःच आली. गळ्यात मापाची फीत तशीच लटकत होती. "अहो बाई, नसेलच काय? माझा धाकटा आता मिशीला पीळ द्यायला लागलाय, त्याच्या पाठीवर कुणी आलं नाही ते काय देवाघरून सुट्टी मिळाली म्हणून? त्या दिवशी इथेच बसले होते मी, या स्टुलावर. पोटात कळ येत होती, तर तुम्हीच पाणी दिलंत. एक आत असताना दुसरी बसवली, तर भोगायचं कुणी, तुमच्या संगणकाने?"

बाईंची नजर पडद्यावरून खाली घसरली आणि माझ्यातून लोंबणाऱ्या लाल दोऱ्यावर थांबली. त्यांनी मला ओढलं. पडदा धाडकन मान टाकून बसला. अकरा वर्षांनी माझं ते पान उघडलं. स्वतःचंच अक्षर त्यांनी दोनदा वाचलं.

"सिस्टर, डॉक्टरांना म्हणावं थांबा. हातही लावू नका," असं म्हणत त्या कपाटाकडे गेल्या. दहा वर्षांपूर्वीचा गठ्ठा काढला. हवा तो कागद सापडला. पुढे लिहिलं होतं, 'जुनी काढली.' त्यांनी कागद उलटला. मागे नव्या तांबीची चिठ्ठी चिकटलेली होती, तारखेसकट.

"माझीच चूक," बाई हलकेच म्हणाल्या. "आहे हो, तांबी आतच आहे."

"मला ठाऊकच होतं," शिवणकामवाली म्हणाली आणि त्याच स्टुलावर मटकन बसली. या खेपेला दोघीही पाणी प्यायल्या.

मशीन दुरुस्त झाल्यावर तिची जुनी तांबी नीट सापडली, निघाली आणि नवी बसली. तिसरा आकडा बाईंनी स्वतः दिला. पण त्यांच्या जिवाला चैन पडेना. आठवडाभर त्या जेवणाच्या सुट्टीत एक हात डब्यात आणि एक हात गठ्ठ्यात अशा बसल्या. तसेच चुकलेले आणखी सात कागद निघाले. सातही जणींना त्यांनी निरोप धाडले.

आता पडद्याखाली एक वीट आहे आणि मी बाईंच्या उजव्या हाताशी आहे. माझी शिवण उसवलीय, पानं गळताहेत, फार दिवस उरले नाहीत. मित्रांनो, माझा पुठ्ठा पुन्हा नाही बांधलात तरी चालेल. पण तुमच्या हातात कुणाचा कागद आला, तर त्यामागे कुणीतरी स्टुलावर बसून वाट बघतंय, एवढं ध्यानात ठेवा. आणि थकला असाल, तरी तो एकदा उलटा.